आपला कान स्वतः आवाज काढतो, आणि बाळाची ओएई टेस्ट नेमकी तोच आवाज शोधते

कानाचं काम ऐकायचं, एवढंच आपण शाळेत शिकलेलो असतो. पडदा हलतो, मागची तीन बारकी हाडं हलतात, कंपनं आतल्या शंखापर्यंत जातात, तिथून नस मेंदूला निरोप देते, झालं. हे बरोबरच आहे पण अर्धंच आहे. धडधाकट कान आवाज नुसता आत घेत नाही, तो स्वतः आवाज तयार करून बाहेरही सोडतो, आणि कानाच्या नळीत पुरेसा संवेदनशील मायक्रोफोन ठेवला तर तो चक्क रेकॉर्ड करता येतो. याचं नाव ओटोअकॉस्टिक एमिशन, दवाखान्यात सगळे ओएई म्हणतात. नवजात बाळाच्या कानात मऊ टिप घालून काही मिनिटांत "पास" किंवा "रेफर" असा कागद हातात देतात ना, ती हीच ओएई टेस्ट. ती बाळाला ऐकू येतं का हे थेट तपासतच नाही, बाळाच्या कानातून परत येणारा हा आवाज आहे का एवढंच बघते.

हा फरक नीट कळला पाहिजे असं मला फार वाटतं, कारण त्या कागदावरच्या एका शब्दाने काही आईवडील रात्र रात्र झोपत नाहीत आणि काही जण कायमचे निर्धास्त होतात, आणि दोन्हीकडे त्या शब्दाचा अर्थ आहे त्यापेक्षा जास्त घेतलेला असतो.

आधी एक गैरसमज बाजूला करते. कानात सूं सूं किंवा शिट्टीसारखा आवाज येतो, ज्याला टिनिटस म्हणतात, ते हे नाही. टिनिटस बहुतेक वेळा त्या माणसालाच जाणवतो, बाहेरच्या मायक्रोफोनला काही सापडत नाही. ओएईचं उलटं आहे, मायक्रोफोनला सापडतो पण ज्याच्या कानातून येतोय त्याला सहसा पत्ताही नसतो.

आता हा आवाज येतो कुठून. आतल्या कानात गोगलगायीच्या शंखासारखी वळलेली नळी असते, तिला कॉक्लिया म्हणतात. जवळपास अडीच वेढे, उलगडून सरळ केली तर साधारण 35 मिलिमीटर लांब, आणि आत पाण्यासारखा द्रव. तिच्या लांबीभर एक पातळ पट्टी जाते आणि त्या पट्टीवर केसपेशी बसलेल्या असतात, म्हणजे ज्यांच्या डोक्यावर अतिसूक्ष्म केसांचे झुपके असतात अशा पेशी. या पेशी दोन प्रकारच्या असतात आणि सगळी गोष्ट या दोन प्रकारांतल्या फरकात आहे. आतल्या बाजूच्या केसपेशींची एकच रांग, एका कानात साधारण 3500. बाहेरच्या बाजूच्या केसपेशींच्या तीन रांगा, साधारण 12000. म्हणजे बाहेरच्या तिपटीहून जास्त, पण मेंदूकडे जाणारे मज्जातंतू मोजले तर शंभरातले नव्वदहून जास्त आतल्या 3500 पेशींनाच जोडलेले. मेंदूला निरोप पाठवायचं काम आतल्या पेशी करतात. मग बाहेरच्या 12000 पेशी नक्की कशासाठी, हा प्रश्न बराच काळ कुणाला धड सुटत नव्हता.

याचा इतिहास मला खूप आवडतो म्हणून जरा सविस्तर सांगते. कॉक्लियात आवाज कसा पसरतो हे पहिल्यांदा डोळ्यांनी बघितलं ते गेओर्ग फॉन बेकेशीने. त्याने मृत माणसांच्या कानातली ती पट्टी सूक्ष्मदर्शकाखाली बघितली, जोरात आवाज दिला आणि त्या पट्टीवरून एक लाट धावते हे दाखवलं. उंच स्वराची लाट शंखाच्या तोंडाशीच सर्वात मोठी होते, खालच्या स्वराची लाट पार आतल्या टोकापर्यंत जाते. म्हणजे प्रत्येक स्वराची पट्टीवर आपली आपली जागा ठरलेली. या कामाला 1961 चं नोबेल मिळालं आणि ते योग्यच होतं. पण त्यात एक अडचण होती. बेकेशीला दिसलेली लाट फार पसरट होती, तिच्यावरून दोन जवळजवळचे स्वर वेगळे ओळखता येणं कठीण वाटत होतं, आणि आपण तर अगदी जवळचे स्वर सहज ओळखतो.

1948 मध्ये थॉमस गोल्ड नावाच्या तरुण शास्त्रज्ञाने याचं उत्तर सुचवलेलं होतं. हा माणूस युद्धकाळात रडारवर काम केलेला, त्यामुळे इलेक्ट्रॉनिक्स डोक्यात पक्कं. त्याचं म्हणणं असं की शंखात द्रव आहे, द्रवात कुठलंही कंपन लगेच मरतं, तरी कान इतके बारीक फरक ओळखतो म्हणजे कंपन मरू नये म्हणून आत कुणीतरी सतत ऊर्जा घालतंय, कानात एक जिवंत ॲम्प्लिफायर असला पाहिजे. आणि मग त्याने पुढची पायरी गाठली. माईक स्पीकरच्या फार जवळ गेला की सिस्टीम स्वतःहून शिट्टी मारायला लागते, तसं आवाज वाढवून स्वतःलाच परत देणारा कुठलाही ॲम्प्लिफायर कधीतरी स्वतःच वाजणार, म्हणजे कानातूनही कधीतरी बारीक सूर बाहेर आला पाहिजे. ऐन तिशीच्या आतल्या माणसाने नुसत्या तर्काने हे मांडलं, पण त्या काळी कुणी फारसं मनावर घेतलं नाही आणि गोल्ड पुढे खगोलशास्त्राकडे वळला.

मधे तीस वर्षं गेली. लंडनमध्ये डेव्हिड केंप नावाचा भौतिकशास्त्रज्ञ कानाच्या बारीक संवेदनशीलतेवर काम करत होता. अगदी हळू आवाजांवर कान तपासताना त्याच्या लक्षात आलं की ऐकण्याची क्षमता स्वरागणिक सरळ रेषेत जात नाही, थोड्या थोड्या अंतराने वरखाली होते, आणि असा नियमित चढउतार भौतिकशास्त्रात बहुतेकदा परावर्तनामुळे येतो, म्हणजे आत जाणारी लाट कुठूनतरी परत येऊन दुसऱ्या लाटेत मिसळतेय. मग त्याने कानाच्या नळीत छोटा स्पीकर आणि मायक्रोफोन एकत्र बसवला, टिक असा आवाज दिला आणि त्यानंतरचे काही मिलिसेकंद रेकॉर्ड केले. टिक संपल्यावर, अगदी थोडं थांबून, कानातून प्रतिसाद परत आला. ज्या कानात कॉक्लिया खराब होती तिथे तो प्रतिसाद नव्हता. 1978 मध्ये त्याने हे छापलं. म्हणजे गोल्डचा अंदाज बरोबर होता, आणि बेकेशीची लाट पसरट का दिसली तेही आता कळतं, कारण मृत कानातला ॲम्प्लिफायर बंद पडलेला असतो.

हा ॲम्प्लिफायर म्हणजेच त्या बाहेरच्या 12000 पेशी. 1985 मध्ये विल्यम ब्राउनेल आणि सहकाऱ्यांनी दाखवलं की या पेशीला विजेचा बदल मिळाला की ती खरोखर लांब आणि आखूड होते, स्नायूसारखी पण स्नायूपेक्षा कितीतरी वेगाने, सेकंदाला हजारो वेळा. 2000 मध्ये ज्या प्रथिनामुळे हे घडतं ते प्रेस्टिन सापडलं. तर होतं असं, आवाजाची कमकुवत लाट पट्टीवर येते, तिथल्या बाहेरच्या केसपेशी तिच्याच तालात उड्या मारायला लागतात, पट्टी आणखी जोरात हलते, आणि मग आतल्या केसपेशींना निरोप पाठवण्याइतकी कंपनं मिळतात. ही मदत 40 ते 60 डेसिबलपर्यंत असते. बाहेरच्या पेशी गेल्या की माणूस ठार बहिरा होत नाही पण हळू बोललेलं ऐकू येणं जातं आणि गर्दीत शब्द वेगळे काढणं अवघड होऊन बसतं.

या सगळ्या हालचालीतली थोडी ऊर्जा उलट्या दिशेने परत फिरते. शंखातून मागे, तीन हाडांमधून, पडद्यापर्यंत, आणि मग एरवी मायक्रोफोनचं काम करणारा पडदा उलटा स्पीकरसारखा हलतो. तोच ओएई. कानाने मुद्दाम पाठवलेला हा संदेश वगैरे नाही, चालू असलेल्या कामाचा तो अंश आहे, आणि म्हणूनच उपयोगाचा आहे, कारण काम चालू असेल तरच तो येतो. ॲस्पिरिनचे मोठे डोस घेतले तर तो तात्पुरता कमी होतो, कानाचा ऑक्सिजन तुटला तर मिनिटांत जातो.

काही कानांमधून हा आवाज काहीही न देता आपोआप येत असतो, चांगलं ऐकू येणाऱ्या निम्म्याच्या आसपास लोकांमध्ये तो सापडतो, बायकांमध्ये जास्त आणि उजव्या कानात जास्त. पण तो नसला तरी कान उत्तम असू शकतो म्हणून टेस्टसाठी त्याचा फारसा उपयोग नाही. टेस्टमध्ये कानाला काहीतरी आवाज देऊन उत्तर मागावं लागतं आणि त्याच्या दोन पद्धती रुळल्या आहेत.

पहिली केंपचीच, टिक टिक द्यायचं आणि ऐकायचं. टिकमध्ये सगळे स्वर एकत्र असतात. उंच स्वरांची जागा शंखाच्या तोंडाशी, त्यामुळे त्यांचं उत्तर लवकर येतं, खालच्या स्वरांना आतल्या टोकापर्यंत जाऊन परत यायचं म्हणून ते मागून, आणि हा सगळा खेळ साधारण 20 मिलिसेकंदात आटोपतो. मशीनला कसं कळतं की हे कानाचं उत्तर आहे, नळीच्या भिंतीवर आपटून आलेला प्रतिध्वनी नाही? एक तर वेळ. नळी दोन अडीच सेंटिमीटरची, तिथला प्रतिध्वनी लगेचच संपतो, कॉक्लियाचं उत्तर त्यानंतर येतं. दुसरं म्हणजे टिकचा जोर वाढवला तर नळीतला प्रतिध्वनी त्याच प्रमाणात वाढतो पण कानाचं उत्तर तितकं वाढत नाही, ते लवकरच थबकतं. म्हणून मशीन तीन टिक एका दिशेने आणि एक टिक तिप्पट जोराचा उलट दिशेने देतं आणि चारही उत्तरं बेरजेला टाकतं, नळीचा प्रतिध्वनी त्यात एकमेकांना खाऊन शून्य होतो आणि कानाचं उत्तर शिल्लक राहतं. मला ही युक्ती पहिल्यांदा कळली तेव्हा किती साधी आणि किती हुशार असंच वाटलं.

दुसरी पद्धत दोन सुरांची. समजा एक सूर 2000 हर्ट्झचा आणि दुसरा 2440 हर्ट्झचा, दोन्ही एकाच वेळी दिले. ॲम्प्लिफायर चालू असेल तर कान आपल्याकडून एक तिसरा सूर बनवतो, पहिल्याची दुप्पट वजा दुसरा, म्हणजे 4000 वजा 2440, बरोबर 1560 हर्ट्झ. आपण 1560 दिलेलाच नव्हता, त्यामुळे मायक्रोफोनला तिथे आवाज सापडला तर तो कानाने बनवलेला. दोन सुरांमधलं प्रमाण साधारण 1.22 ठेवलं की हा तिसरा सूर सगळ्यात ठळक येतो, आणि जोर बहुतेक वेळा पहिल्याला 65 आणि दुसऱ्याला 55 डेसिबल ठेवतात. जोडी सरकवत नेली की शंखातली एकेक जागा तपासता येते, विशेषतः उंच स्वरांकडची.

प्रत्यक्ष टेस्ट बघितली तर त्यात बघण्यासारखं काहीच नसतं, बाळ झोपलेलं, दूध पिऊन तृप्त असलेलं सगळ्यात चांगलं. कानाची पाळी हळूच मागे आणि खाली ओढून टिप आत बसवतात, टिप घट्ट बसली पाहिजे, सैल राहिली तर खालचे स्वर गळतात आणि बाहेरचा आवाज आत घुसतो. स्क्रीनवर पट्ट्या वर येतात, कानाचं उत्तर एका रंगात, आजूबाजूचा गोंगाट दुसऱ्या रंगात, आणि उत्तर गोंगाटाच्या वर पुरेसं उचललेलं दिसलं, बऱ्याच ठिकाणी 6 डेसिबलची अट असते, तर त्या स्वरापुढे बरोबरची खूण येते. हे उत्तर इतकं हळू असतं की बाळ चोखायला लागलं, घोरलं, पंखा कानाशी आला तरी झाकलं जातं, म्हणून मशीन शेकडो वेळा तेच तेच रेकॉर्ड करून सरासरी काढतं, गोंगाट दर वेळी वेगळा असतो म्हणून सरासरीत विरतो आणि उत्तर दर वेळी सारखं असतं म्हणून टिकतं. बाळाला हात वर करायला नको, बटण दाबायला नको, टोचायचं नाही, औषध नाही. आणि तान्ह्या बाळांचा ओएई मोठ्यांपेक्षा जोरातच असतो.

आता त्या दोन शब्दांकडे. "पास" म्हणजे बाहेरच्या केसपेशी काम करताहेत, आणि आवाज आत जायचा यायचा रस्ता मोकळा आहे. "रेफर" म्हणजे उत्तर मिळालं नाही. का मिळालं नाही हे मशीन सांगत नाही. टेस्टसाठी आवाजाला मधल्या कानातून दोनदा जावं लागतं, आत जाताना आणि परत येताना, त्यामुळे रस्त्यात थोडासाही अडथळा असला की तो दोन वेळा मोजला जातो. जन्मल्यानंतर पहिल्या दिवशी बाळाच्या नळीत पांढरा चिकट थर असतो, पडद्यामागे द्रव असू शकतो, आणि एवढ्यानेच रेफर येतं. म्हणून पहिल्या चोवीस तासांत केलेल्या टेस्टमध्ये रेफर जास्त येतात, आणि परत केल्यावर त्यातली बरीच बाळं पास होतात. रेफर आलं म्हणजे बाळ बहिरं आहे असं कुणी म्हणत असेल तर ते चूक आहे. पण रेफर आलं आणि "होईल बरं आपोआप" म्हणून परत गेलोच नाही, हे त्याहून मोठं चूक आहे, आणि ते होतं, कारण घरी आल्यावर बाळ भांडं पडल्यावर दचकतं आणि सगळ्यांना हायसं वाटतं. मोठ्या आवाजाला दचकणं आणि हळू बोललेलं ऐकू येणं यात खूप अंतर आहे, आणि भाषा हळू बोललेल्यातूनच येते.

पासचीही मर्यादा आहे आणि ती जास्त लोकांना माहीत नसते. ओएई बाहेरच्या केसपेशींपर्यंतचंच सांगतो. त्यापुढे आतल्या पेशी, नस, मेंदूकडचा रस्ता, तिथे बिघाड असेल तर ओएई छान येईल आणि मुलाला बोलणं मात्र कळणार नाही. याला ऑडिटरी न्यूरोपथी म्हणतात, 1996 मध्ये तिचं नीट वर्णन झालं. फार कमी दिवसांचं जन्मलेलं बाळ, जन्मताना ऑक्सिजन कमी पडलेला, कावीळ इतकी वाढलेली की रक्त बदलावं लागलं, अशा बाळांमध्ये याचा धोका जास्त असतो. म्हणून जे बाळ एनआयसीयूमध्ये, म्हणजे नवजात बाळांच्या अतिदक्षता विभागात, पाच दिवसांपेक्षा जास्त राहिलंय त्याची नुसती ओएई पुरत नाही, बेरा टेस्टही करायची असते, ज्यात डोक्याला पॅच लावून नस आणि मेंदूच्या खोडापर्यंत निरोप पोचतो का ते बघतात. अशा बाळाच्या फाइलमध्ये फक्त ओएई पास लिहिलेलं दिसलं तर बिनधास्त विचारा, बेरा झाली का.

आणखी एक, ओएईवरून किती ऐकू येतं याचा आकडा निघत नाही. ऐकणं साधारण 30 ते 40 डेसिबलहून जास्त खालावलं की ओएई सहसा गायब होतो, पण गायब झाल्यावर नुकसान मध्यम आहे की पूर्ण हे त्यातून कळत नाही, आणि अगदी सौम्य नुकसान असेल तर पासही येऊ शकतं.

मोठ्यांमध्येही ही टेस्ट फार कामाची आहे. कॅन्सरसाठी सिस्प्लॅटिन चालू असेल किंवा जंतुसंसर्गासाठी जेंटामायसिन, अमिकासिन यांसारखी इंजेक्शनं लांबली असतील तर ही औषधं बाहेरच्या केसपेशींना मारू शकतात, सुरुवात शंखाच्या तोंडाशी म्हणजे उंच स्वरांकडून होते, आणि पेशंटला स्वतःला फरक कळायच्या आधी दोन सुरांच्या टेस्टमध्ये घट दिसू शकते. मग डॉक्टरांना डोस किंवा औषध बदलता येतंय का हे वेळेत बघता येतं. माणसाच्या केसपेशी परत उगवत नाहीत, पक्ष्यांच्या उगवतात, म्हणून आधी कळण्याला एवढी किंमत आहे. मोठ्या आवाजाच्या कारखान्यात काम करणाऱ्यांचंही असंच. आणि कुणी ऐकू येत नाही म्हणत असेल, विशेषतः मानसिक ताणाखालचं मूल, आणि ओएई सगळे ठणठणीत येत असतील, तर तपासाची दिशाच बदलते, पण इथेही न्यूरोपथी नाही ना हे बघितल्याशिवाय त्या मुलाला खोटं पाडू नये.

ऐकण्याचा जन्मजात दोष हजारात एक ते तीन बाळांमध्ये असतो, आणि जगभर पाळलं जाणारं वेळापत्रक सोपं आहे: पहिल्या महिन्याच्या आत स्क्रीनिंग, तिसऱ्याच्या आत पक्कं निदान, सहाव्याच्या आत श्रवणयंत्र आणि बोलण्याची थेरपी किंवा खुणांची भाषा, जे ठरेल ते सुरू. सहा महिन्यांच्या आत ज्यांचं निदान झालं त्या मुलांची भाषा उशिरा कळलेल्यांपेक्षा चांगली वाढते हे अभ्यासांतून दिसलंय. आणि जन्मतः पास झालेल्या बाळाचं ऐकणं नंतरही जाऊ शकतं, गर्भात सीएमव्ही नावाच्या विषाणूचा संसर्ग झाला असेल, मेंदूज्वर झाला असेल, किंवा घरात लहानपणी बहिरेपण आलेलं कुणी असेल तर जास्तच लक्ष ठेवावं लागतं. वर्षाचं होत आलं तरी नावाला वळून बघत नसेल, आधी बडबडणारं बाळ गप्प होत गेलं असेल, दीड वर्षाला शब्द येत नसतील, तर परत ऑडिओलॉजिस्टकडे, म्हणजे ऐकणं तपासणाऱ्या तज्ज्ञाकडे जा, जुना रिपोर्ट सोबत न्या, आणि त्यावर पास लिहिलंय म्हणून कुणी टेस्टच नको म्हणत असेल तरी टेस्ट करायला लावा.